नववा दगड

किलहोरनचे शाळामास्तर डूगल रॅटरे त्या सकाळी करपलेली लापशी खात होते आणि ती करपण्याचं कारण ते स्वतःच होते. एडिंबराहून देशातल्या प्रत्येक पॅरिशला प्रश्नांची एक यादी आली आहे, ही बातमी त्यांनी चुलीपाशी उभं राहून इतकी रंगवून सांगितली, की त्यांच्या बायकोच्या, ग्रिसेलच्या हातातली पळी हातातच राहिली.

"पहिलाच प्रश्न काय आहे माहितेय? तुमच्या पॅरिशचं नाव काय, आणि ते कशावरून पडलं?"

"मग लिहा की. वीस वर्षं दुसरं काय केलंत?"

"मला कुठे विचारलंय? पाद्र्याला विचारलंय."

ग्रिसेलने भांडं खरवडायला घेतलं. "मग पाद्रीसाहेब लिहितील. चांगलं लिहितात ते."

मास्तरांनी लापशीचा वाडगा दूर सारला.

पॅरिश म्हणजे एका चर्चच्या हद्दीतल्या सगळ्या वाड्या-वस्त्या. किलहोरनमध्ये त्या अकरा होत्या. एक तळं, दोन ओढे, एक मोठी दलदल आणि बाकी सगळी मेंढरांची कुरणं. 'किल' म्हणजे साधूची कुटी, हे तिथलं शेंबडं पोरही सांगेल. पण हा होरन कोण? कुठून आला, केव्हा आला, इथं मेला का? त्याचं थडगं नव्हतं, सण नव्हता, त्याची गोष्टसुद्धा कुणी सांगत नव्हतं. मास्तरांनी या होरनपायी वीस वर्षं घालवली होती. सुट्टीत पायी डंकेल्डला जाऊन तिथले जुने कागद चाळले, मरायला टेकलेल्या म्हाताऱ्यांच्या उशाशी बसून प्रश्न विचारले आणि शेवटी होरन हा आयर्लंडहून होडीने आलेला संन्यासी असावा, असं एकशे चौदा पानांत मांडून ठेवलं. मास्तरांना स्वतःला ते पुरतं पटलेलं होतं असं नाही. पण दुसऱ्या कुणाकडे एक पानही नव्हतं, आणि हे सुख त्यांना पुरत होतं.

या मुलखात माणसाला त्याच्या जमिनीच्या नावाने हाक मारतात. ड्रमफर्नचं शेत कसणारा तो ड्रमफर्न. त्याचं बाप्तिस्म्याचं नाव त्याच्या आईला ठाऊक असेल तर असेल. मास्तरांकडे जमीन नव्हती. शाळा जमीनदारांची, राहतं घर शाळेचं, परसातल्या कोबीचे वाफेसुद्धा शाळेचे. त्यामुळे ते नुसते 'मास्तर'. चर्चच्या सभांची नोंदवही तेच लिहायचे, बाप्तिस्मे आणि लग्नंही तेच नोंदवायचे, आणि सही करताना तेवढे ते डूगल रॅटरे होत.

आणि पाद्री हेक्टर पॅटुलो? वय अठ्ठावीस. येऊन दोन वर्षं झाली नव्हती, तर जणू इथंच जन्मल्यासारखा वावरत होता. त्याच्या घराला तेरा खिडक्या. घोड्यावर बसायचा तो ऐटीत, गायचा सुरात, म्हाताऱ्यांचे गुडघे कुठे दुखतात ते नावानिशी लक्षात ठेवायचा. रविवारी त्याचं प्रवचन ऐकायला ग्रिसेल चांगली टोपी इस्त्री करून घालायची. मास्तरांच्या लग्नात झालर लावलेली टोपी ती! मास्तर त्याला पाण्यात पाहत होते. आपण हेवा करतोय हे त्यांना कळत होतं, प्रार्थनेच्या वेळी त्याची लाजही वाटायची, आणि 'आमेन' म्हणून डोळे उघडले की समोर पुन्हा पॅटुलोच उभा असायचा.

त्याच दुपारी पॅटुलोचं बोलावणं आलं.

"या मास्तर, या. बसा हो, उभे काय राहता?" त्याने स्वतः खुर्ची ओढून दिली. "तुमच्यावाचून मला या कामात कोण आहे? ते तुमचं होरनचं बाड आहे ना, तेवढं द्याल?"

"आहे. पण ते अजून..."

"अपुरं आहे, माहितेय. मी नीट करून घेईन. पुढच्या आठवड्यात एडिंबरात विद्वानांची बैठक आहे, तिथं वाचावं म्हणतो. छापायलाही देऊ."

मास्तरांनी टोपी गुडघ्यावर फिरवली. "त्यात माझं नाव..."

"घालणार की! 'एका कष्टाळू शिक्षकाने साहाय्य केले.' झालं ना?"

"नावानिशी म्हणतोय मी, साहेब."

पॅटुलो हसला. त्या हसण्यात खोट नव्हती, तीच तर पंचाईत होती. "अहो, नावं वाचतं कोण? गावाचं काम आहे, तुमचं काय नि माझं काय."

मास्तरांनी बाड दिलं. का दिलं, असं पुढे त्यांनी स्वतःला शंभरदा विचारलं. पाद्र्याला नाही म्हणणारा शाळामास्तर त्या वेळी स्कॉटलंडात नव्हता, हे एक. आणि दुसरं म्हणजे, ते वाचून पॅटुलो थक्क होईल, अशी एक केविलवाणी आशा त्यांच्या मनात होती.

दारापर्यंत सोडायला आलेला पॅटुलो म्हणाला, "आणि हो, सोमवारी मी नसेन. ती शिवेची फेरी तुम्हीच काढा. मला तर ते सगळं जुनाट खूळ वाटतं. पण लोकांना हवं असतं."

ही फेरी दरवर्षी जूनच्या पहिल्या सोमवारी निघायची. पॅरिशच्या शिवेवर नऊ दगड होते. पुढे पाद्री, मागे चर्चचा शिपाई फार्कर, त्याच्यामागे गावातले पंधरा-वीस बाप्ये. प्रत्येक दगडापाशी थांबायचं. फार्करने काठीने दगडावर तीनदा ठोकायचं आणि विचारायचं, "कोणाचं हे?" पुढच्याने सांगायचं, "माझं नाही." मग सगळ्यांनी टोप्या काढायच्या, घालायच्या आणि पुढे निघायचं. जमीनदार फेरीत आला तर तोसुद्धा हेच म्हणायचा. असं का, ते कुणी विचारत नसे. पेरणीआधी बी का भिजवतात हे कुणी विचारतं का?

सोमवारी आभाळ स्वच्छ होतं. ऊन होतं, पण तळ्यावरून येणारा वारा गार होता. गोर्सच्या काटेरी झुडपांची पिवळी फुलं शिवेभर फुलली होती आणि माळटिटव्या ओरडत होत्या. पहिल्या दगडापाशी फार्करने ठोकलं.

"कोणाचं हे?"

"माझं नाही," मास्तर म्हणाले.

मागून ड्रमफर्न हळूच पण सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलला, "ते ठाऊकच आहे. मास्तरांचं काय आहे म्हणा!"

लोक हसले. ती साधी थट्टा होती, आणि दुसऱ्या एखाद्या वर्षी मास्तरही हसले असते. आज त्यांच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

दुसरा दगड, माझं नाही. तिसरा, माझं नाही. चौथ्या दगडापाशी त्यांना एडिंबरा दिसू लागलं. उंच छताचा दिवाणखाना, काचेची झुंबरं, आणि पॅटुलोच्या गोऱ्या हातात ती एकशे चौदा पानं. डंकेल्डच्या वाटेवर बर्फात अडकलो होतो तेव्हाचं पान. म्हातारी मारियट शेवटचा श्वास घेत असताना लिहून घेतलेलं पान. पाचवा, सहावा. दरवेळी तेच दोन शब्द तोंडातून काढताना त्यांना वाटायला लागलं, की आपण दगडांना उत्तर देत नाही आहोत, आपल्या आयुष्याची कबुली देतो आहोत. शाळा माझी नाही. घर माझं नाही. बायकोची झालरीची टोपी माझ्यासाठी नाही. होरनसुद्धा माझा राहिला नाही.

नववा दगड तळ्याच्या पलीकडच्या टोकाला होता. कमरेइतका उंच, काळा, आणि त्यावर शेवाळ कधी धरत नसे. तिथं पोचेपर्यंत वारा पडला होता. माळटिटव्याही गप्प झाल्या होत्या.

फार्करने तीनदा ठोकलं.

"कोणाचं हे?"

मास्तरांनी तोंड उघडलं, आणि वीस वर्षांचं साठलेलं सगळं एकदम ओठांशी आलं.

"माझं," ते म्हणाले. "माझं आहे हे. दुसऱ्या कुणापेक्षा माझंच आहे."

कुणी हसलं नाही. टोप्या काढण्यासाठी वर गेलेले हात तिथंच राहिले. फार्करचा चेहरा लापशीच्या पाण्यासारखा झाला होता. त्याने काठी दोन्ही हातांनी घट्ट धरली आणि विचारलं, "कोण तू?"

हा प्रश्न फेरीत नव्हता. फार्करच्या बापाने तो कधी विचारला नव्हता, आजोबानेही नाही. शिवाय फार्कर मास्तरांना जन्मात कधी एकेरीत बोलला नव्हता.

"डूगल," मास्तर म्हणाले. "डूगल रॅटरे."

दगडातून काही आवाज आला नाही, जमीन हलली नाही. तळ्यावर एक बारीक शिरशिरी उठली आणि काठापर्यंत येऊन विरली. लोकांनी टोप्या डोक्यावर दाबल्या आणि आपापल्या वाटेने निघून गेले. फेरीनंतर व्हिस्कीचा एकेक घोट घ्यायची रीत होती, ती त्या दिवशी झाली नाही.

वाटेत मास्तरांनी फार्करला गाठलं. "असं का विचारलंस रे मला?"

"काय विचारलं?"

"कोण तू, म्हणून."

फार्कर पुढे बघत चालत राहिला. "मी नाही विचारलं, मास्तर," तो म्हणाला.

त्या आठवड्यात मास्तरांना बरंच हलकं वाटत होतं. पोटातला दगड कुणी उचलून नेल्यासारखं. शुक्रवारी टपालवाला दारावरून ओरडत गेला, "किलडूगलचं टपाल!" मास्तरांनी खिडकीतून मान बाहेर काढली.

"काय म्हणालास?"

"टपाल, मास्तर. किलडूगलचं."

चेष्टा करतायत तर! दगडापाशी फुशारकी मारली, त्याचं हे उट्टं. ड्रमफर्नचंच डोकं असणार. मास्तर जाम रागावले. पण खरं सांगायचं, तर खिडकी लावून घेतल्यावर त्यांनी ते नाव स्वतःशीच एकदा म्हणून पाहिलं, आणि ते त्यांना आवडलं.

सोमवारी मुलांच्या पाट्यांवर वर गावाचं नाव आणि तारीख होती. बत्तीस पाट्या, बत्तीस वेळा किलडूगल. सगळ्यात लहान मुलीला त्यांनी जवळ बोलावलं. "हे कुणी लिहायला सांगितलं?" तिला रडूच कोसळलं. "तुम्हीच शिकवलंत," ती म्हणाली.

संध्याकाळी ते हमरस्त्यावरच्या मैलाच्या दगडापर्यंत चालत गेले. किलडूगल, दोन मैल. अक्षरांच्या खाचांत जुनं करडं शेवाळ भरलं होतं. त्यांनी ते नखाने खरवडलं. खालीही तेच होतं, झिजलेलं, कित्येक पावसाळ्यांनी गुळगुळीत केलेलं.

आता चेष्टा म्हणायची तर ती कुणाची?

ते घरी आले तेव्हा ग्रिसेल ओटच्या भाकऱ्या तव्यावर टाकत होती. त्यांची मुलगी बेथिया माहेरी आली होती. तिला दुसरं मूल होणार होतं आणि ती पाय वर घेऊन बसली होती.

"ग्रिसेल, माझं नाव घे बघू."

"आता या वयात?" ती हसली. मग त्यांच्या चेहऱ्याकडे पाहून तिने उलथनं खाली ठेवलं. तिचे ओठ हलले. "थांबा हं. आत्ता तर... अगदी ओठांवर आहे बघा."

"लग्नाला एकतीस वर्षं झाली आपल्या."

"ओरडू नका हो. दमलेय मी, म्हणून आठवत नाहीये. बेथिया, सांग गं यांचं नाव."

बेथियाने तोंड उघडलं आणि मिटलं. "बाबा," ती म्हणाली. "दुसरं काय?"

मास्तर तसेच चर्चकडे निघाले. बाहेर अजून लख्ख उजेड होता. जूनमध्ये तिकडे सूर्याला मावळायची घाई नसते. त्यांनी फळीवरून नोंदवह्या खाली काढल्या. स्वतःच्या हातच्या पंधरा वर्षांच्या नोंदी. प्रत्येक सभेच्या डोक्यावर 'किलडूगल येथील चर्चमध्ये' असं लिहिलेलं. आणि प्रत्येक सभेखाली, जिथे त्यांची सही असायची तिथं, कोरा कागद. खाडाखोड नव्हती. कागद नुसता कोरा होता.

मग त्यांनी सगळ्यात जुनी वही काढली, सोळाशे एकावन्न सालची. ही वही त्यांना पाठ होती. तिच्यात बावीस वर्षांच्या सभा एकाच हाताने लिहिलेल्या होत्या, आणि त्या लिहिणाऱ्याची सही एकाही पानावर नव्हती. त्या काळातले लोक निष्काळजी, असं मास्तरांनी आपल्या एकशे चौदा पानांत एका टिपेत म्हटलं होतं.

आज प्रत्येक पानावर सही होती.

होरन मॅकफी, लेखनिक. होरन मॅकफी, लेखनिक. शाई तपकिरी पडलेली, तीनशेच्या वर सह्या. वहीच्या शेवटच्या पानावर चार ओळी होत्या. त्या पूर्वी तिथं नव्हत्या हे मास्तर बायबलवर हात ठेवून सांगू शकले असते.

'पाद्री गाविन यांचा मला मत्सर होता. नवव्या दगडापाशी मी माझे म्हटले. या गावाला पूर्वी काय म्हणत ते आता मलाही आठवत नाही. घरात माझे ताट मांडत नाहीत, पण मी जेवतो.'

पहिल्यांदा मास्तरांना जे वाटलं ते सांगायला हवं, कारण ते फारसं शोभणारं नाही. त्यांना आनंद झाला. होरन सापडला होता! कुठला आयर्लंड आणि कुठला संन्यासी? तो इथलाच होता, त्यांच्यासारखाच कारकून. वीस वर्षांत कुणाला सापडलं नव्हतं ते त्यांना सापडलं होतं, आणि पॅटुलो तिकडे एडिंबरात भलतंच वाचत बसला होता.

भीती नंतर वाटली. घरी आल्यावर टेबलावर दोन ताटं मांडलेली पाहिली, तेव्हा.

पॅटुलो पंधरा दिवसांनी परतला. मास्तर त्याच्या अंगणातच वाट बघत उभे होते.

"साहेब, होरन सापडला."

"कोण?"

"होरन. ज्याच्यावरून या गावाचं नाव..."

पॅटुलोने खोगीर सोडता सोडता त्यांच्याकडे पाहिलं. ओळखीच्या माणसाकडे आपण उन्हात बघतो तसं, डोळे बारीक करून. "किलडूगलचा होरनशी काय संबंध? पण विषय तुम्ही बरा काढलात. बैठक फार छान झाली. बंगल्यातल्या पेटीत मला एक बाड सापडलं होतं. कुणाचं ते कळलं नाही, खाली नाव नाही. पण बिचाऱ्याने मेहनत केली होती. डूगल नावाचा कुणी आयरिश संन्यासी असावा, असं त्यात म्हटलंय. मी शेवटी एवढंच लिहिलं, की या डूगलविषयी आज काहीही माहिती मिळत नाही."

"मी आहे तो," मास्तर म्हणाले. "साहेब, ते बाड तुमच्या हातात मी दिलं. या हातांनी. डूगल मी आहे!"

पॅटुलो खोगीर खांद्यावर टाकून घरात गेला. दार त्याने लावून घेतलं नाही, की आत येता का असं विचारलंही नाही. वारा सुटला आहे, असं काहीतरी तो आत कुणाला तरी सांगत होता.

त्यानंतर शाळा चालूच राहिली. मुलं यायची, मास्तर शिकवायचे, मुलं शिकायची. कोण शिकवतं, असं आईबापांनी विचारलं की मुलं गोंधळायची. बेथिया सासरी गेल्यावर ग्रिसेल एकच ताट मांडू लागली. मास्तर भांड्यातून वाढून घेत. लापशी संपली, की ती भांड्यात डोकावून म्हणायची, आताशा मला भूक फार लागते बाई. रात्री ती पलंगाच्या मधोमध झोपायची. मास्तर चुलीपाशी घोंगडी टाकून पडत. तिने टोपी इस्त्रीला काढली की ते अजूनही जळत.

हो, जळत. बाकी सगळं गेलं तरी तेवढं शाबूत राहिलं होतं. पॅटुलो रस्त्याने गेला की लोक त्याला नावाने हाक मारायचे, आणि मास्तर शाळेच्या खिडकीत उभे राहून ते नाव मोजायचे. एका दुपारी सतरा वेळा.

जानेवारी लागताच बेथियाला मुलगा झाला.

पहिल्या मुलाला वडिलांच्या वडिलांचं नाव, दुसऱ्याला आईच्या वडिलांचं. सगळ्या स्कॉटलंडात हेच चालतं. थोरल्याच्या वेळी बेथिया म्हणाली होती, पुढचा तुमचा हं बाबा. मास्तर ते विसरले नव्हते. हिवाळाभर ते त्यावरच तग धरून होते. दगडाने काय न्यायचं ते नेलं, पण एक डूगल चर्चमध्ये सगळ्यांदेखत पुन्हा हाकारला जाईल. निदान एका माणसाला ते नाव मिळेल आणि ते कुठून आलं, हे कुणीतरी विचारील.

बाप्तिस्मा मार्चमधल्या एका रविवारी सकाळच्या प्रार्थनेनंतर होता. खिडक्यांतून ऊन येत होतं. मास्तर आपल्या उंच डेस्कामागे नोंदवही उघडून बसले. त्यांनी कलम शाईत बुडवलं. शेजारून फार्कर पाण्याचं भांडं घेऊन गेला आणि त्याची बाही त्यांच्या खांद्याला घासली. त्याने बाही झटकली.

पॅटुलोने विचारलं, "बाळाचं नाव?"

बेथिया गोंधळली. "याला माझ्या वडिलांचं द्यायचं असतं."

"काय त्यांचं नाव?"

तिने आईकडे पाहिलं. ग्रिसेलने बाकावर बसल्या बसल्या मान हलवली.

"डूगल," मास्तर डेस्कावरून म्हणाले.

"आठवत नाही," बेथिया म्हणाली. "मला वाटतं, मी लहान असतानाच..."

"डूगल!" ते उभे राहिले. "बेथिया! पोरी, डूगल म्हण!"

बेथिया कपाळाला आठ्या घालून ऐकत असल्यासारखी थांबली. तिचे ओठ हलले. "ड..." ती म्हणाली. "डूगल?"

चर्चमध्ये खसखस पिकली. ड्रमफर्न तर मोठ्यानेच हसला. पॅटुलोसुद्धा हसू आवरत म्हणाला, "अगं, ते गावाचं नाव. लेकराला कोणी गावाचं नाव देतं का?"

बेथिया लाजून लाल झाली. ग्रिसेल उठली. तिने मुलीच्या पाठीवर हात ठेवला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "साहेब, माझ्या घरात पुरुष माणूस नाही कुणी. तुमचंच द्या. तुमच्यासारखा निघाला तर देव पावला."

"हेक्टर," पॅटुलो म्हणाला आणि बाळाच्या कपाळावर पाणी लावलं.

मास्तर खाली बसले.

नोंद करायला हवी होती. पंधरा वर्षं ते करत होते तशीच. त्यांनी तारीख लिहिली, गावाचं नाव लिहिलं, आईबापाची नावं लिहिली. मग कलम थांबलं. मग त्यांनी हेक्टर लिहिलं, आपल्या सगळ्यात देखण्या अक्षरात, कारण दुसरं त्यांना येत नव्हतं.

प्रार्थना संपल्यावर पॅटुलो वही बघायला डेस्कापाशी आला. मागोमाग बाळाला घेऊन ग्रिसेल.

"नोंद झालेली दिसते," तो म्हणाला. "काय सुरेख अक्षर आहे! कुणाचं हो?"

ग्रिसेल वाकली. तिचा श्वास मास्तरांच्या गालाला लागला.

"कोण जाणे," ती म्हणाली. "जुनंच असेल."

तिने त्या ओळीवरून बोट फिरवलं. बोटाला काळं लागलं. तिने ते क्षणभर निरखलं आणि एप्रनला पुसून टाकलं.